वारा अंगावर घेणारा

फिनेस्त्रेचा घाट

इटलीतल्या तोरिनोहून पश्चिमेकडे गाडी काढली की तासाभरात सूझा नावाचं जुनं गाव लागतं. सम्राट ऑगस्टसच्या नावाची दगडी कमान तिथे अजून उभी आहे. गाव मागे पडतं, रस्ता मेआना दी सूझाच्या बाजूने चेस्टनटच्या रानात शिरतो आणि मग जो चढायला लागतो तो थांबत नाही. सुरुवातीच्या काही किलोमीटरांत नुसती वळणं, एकावर एक, इतकी जवळजवळ की वरच्या वळणावरच्या माणसाला खालून हाक मारावी. पुण्याहून तोरिनोच्या मोटार उद्योगात नोकरीला गेलेली बरीच मराठी मुलं आहेत, माझा भाचा त्यांतलाच एक. गाडी तो चालवत होता आणि गिअर दुसऱ्याच्या वर जात नव्हता. माथ्याच्या आठेक किलोमीटर अलीकडे डांबर संपलं. पुढे खडी आणि माती.

हा कोल्ले देल्ले फिनेस्त्रे. उंची २१७८ मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या माथ्यापेक्षा पाचशे मीटरहून जास्त. साडेअठरा किलोमीटरांचा चढ, सरासरी नऊ टक्क्यांच्या पुढे. दर शंभर मीटरला नऊ मीटर वर, आणि सायकलवर हे सलग दीड-दोन तास. खडीच्या टापूत आम्ही गाडी कडेला लावून उभे राहिलो. साठीच्या आसपासचे एक गृहस्थ सायकलवरून वर येत होते. त्यांच्याकडे पाहताना या रस्त्याची खरी अडचण कळली. सीटवरून उठून जोर लावला की मागचं चाक खडीत जागच्या जागी फिरतं. बसून राहिलं तर पुढचं चाक हलकं होऊन भरकटतं. या दोन्हींच्या मधली बोटभर जागा शोधून ते पाय फिरवत होते. तोंडाचा आ झालेला, पोटऱ्यांवर पांढरी धूळ आणि धुळीतून वाहिलेल्या घामाच्या रेघा.

संपादकांनी यंदाच्या अंकासाठी 'दुसऱ्यासाठी' हा विषय कळवला तेव्हा माझ्या मनात पहिलं नाव आलं ते वासिल किरियेंकाचं. बेलारुसचा सायकलपटू. ट्रॅकवरचा विश्वविजेता, रस्त्यावरचाही विश्वविजेता, आणि तरीही कारकिर्दीतला बहुतेक काळ दुसऱ्यांसाठी राबलेला. त्याला समजून घ्यायचं तर आधी हा घाट पाहिला पाहिजे असं वाटलं, कारण त्याच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा एकट्याचा दिवस याच रस्त्यावर उजाडला होता.

२८ मे २०११. जिरो द इतालियाचा विसावा टप्पा, व्हेर्बानिया ते सेस्त्रिएरे, २४२ किलोमीटर. तीन आठवड्यांच्या शर्यतीचा शेवटून दुसरा दिवस. त्या वेळी अंगात जे शिल्लक असतं त्याला ताकद म्हणणं कठीण, सवय म्हणावी लागेल. पाचच दिवसांपूर्वी, २३ मे रोजी, मोव्हिस्टार संघातला त्याचा सहकारी शाव्हिएर तोंदो स्पेनमध्ये सिएरा नेव्हादाजवळ सरावाला निघताना गेला. गॅरेजचं दार आणि स्वतःची मोटार यांच्यात सापडून. वय ३२. किरियेंका विसाव्या टप्प्याच्या दिवशी आघाडीच्या टोळीत निसटला आणि पुढे एकटा पडला. फिनेस्त्रेची खडी त्याने एकट्याने चढली, पलीकडे कीझोनेच्या खोऱ्यात उतरला आणि सेस्त्रिएरेचा चढही एकट्यानेच संपवला. दुसरा आलेला व्हेनेझुएलाचा होसे रुहानो ४ मिनिटं ४३ सेकंदांनी मागे होता. डोंगरातल्या टप्प्यात एवढं अंतर क्वचित दिसतं. रेषा ओलांडताना त्याने दोन्ही हात आकाशाकडे केले. तोंदोसाठी.

पुढे कोण?

सायकलची मोठी शर्यत पहिल्यांदा पाहणाऱ्याला एक कोडं पडतं. एवढे सगळे एकत्र का चालवतात? ज्याच्यात दम आहे त्याने सरळ पुढे निघून जावं. उत्तर वाऱ्यात आहे, आणि आपल्यापैकी अनेकांनी ते लहानपणी स्वतःच्या अंगावर घेतलेलं आहे. शाळेच्या वाटेवर एसटीच्या किंवा उसाच्या ट्रकच्या मागे सायकल लावली की पायडल आपोआप हलकं व्हायचं. ट्रक वळला की छातीवर वारा आदळायचा.

हवेचा विरोध वेगाच्या वर्गाने वाढतो आणि तो मोडायला लागणारी ताकद घनाने. ताशी ४० किलोमीटरवरून ५० वर जायचं तर वेग वाढतो सव्वापट, पण नुसती हवा कापायला लागणारी ताकद जवळजवळ दुप्पट होते. पुढे चालणारा हा सगळा खर्च करतो. त्याच्या मागच्या चाकाला चिकटून चालणारा त्यातला मोठा वाटा वाचवतो. म्हणून संघाचा एक नायक ठरलेला असतो आणि बाकीचे सात-आठ जण त्याचा खर्च स्वतःच्या खात्यावर घेतात. ते त्याच्यासाठी वारा अडवतात, मोटारीकडे मागे जाऊन पाण्याच्या बाटल्या जर्सीत कोंबून आणतात, चाक पंक्चर झालं तर आपलं काढून देतात. प्रतिस्पर्ध्याने पळ काढला तर त्याला परत आणायचं कामही त्यांचंच, आणि ते भांडून होत नाही. तासभर एकाच वेगाने ओढत राहून अंतर दहा-दहा सेकंदांनी खाली आणावं लागतं. इटालियन लोक अशा माणसाला ग्रेगारियो म्हणतात.

चढावर वेग कमी असतो, तेव्हा वाऱ्याचा हिशेब मागे पडतो आणि दुसरा सुरू होतो. पुढचा माणूस वेग इतका तंतोतंत चढा ठेवतो की मागच्या कुणालाही झेप घ्यायची ताकद उरू नये आणि आपल्या नायकाला मात्र श्वास पुरावा. टीम स्कायने हे तंत्र टोकाला नेलं. किरियेंका २०१३ साली या ब्रिटिश संघात आला. २०१४, २०१६ आणि २०१७च्या तूर द फ्रान्समध्ये तो ख्रिस फ्रूमच्या संघात होता, आणि शेवटच्या दोन्ही वेळा फ्रूम जिंकला. टीव्हीवर दुपारचे ते कंटाळवाणे वाटणारे तास आठवा. अजून ऐंशी किलोमीटर बाकी आहेत, सूर्यफुलांची शेतं, लांबलचक रांग, आणि रांगेच्या तोंडाशी खांदे न हलवणारा, मान खाली घातलेला एक माणूस. समालोचक जुन्या चर्चबद्दल बोलत असतात. हा माणूस तेव्हा आपली रोजची पाळी भरत असतो.

त्याच्या बसण्याची ढब मी जुन्या चित्रीकरणांत पुन्हा पुन्हा पाहिली. कमरेवरचं धड जणू सायकलला बोल्ट लावून बसवलेलं. चेहऱ्यावर दुखणं दिसत नाही, आनंदही दिसत नाही. हलतात ते पाय, आणि त्यांची लय सपाटीवर आणि चढावर जवळजवळ सारखीच.

फिनेस्त्रेने हे काम पुन्हा पुन्हा पाहिलं आहे. २०१८च्या जिरोत स्कायच्या गड्यांनी या घाटाच्या पायथ्यापासून असा वेग लावला की आघाडीवीराच्या गुलाबी जर्सीतला सायमन येट्स मागे गळाला, आणि फ्रूम खडीवरून निघाला तो सुमारे ८० किलोमीटर एकटा जाऊन बार्दोनेकियाला जिंकला. दोन दिवसांनी रोममध्ये जिरोही त्याचा झाला. किरियेंका त्या जिरोत फ्रूमच्या संघात होता. २०२५च्या मे महिन्यात त्याच येट्सने याच घाटावर हल्ला चढवून जिरो जिंकला. त्याचा बेल्जियन सहकारी वाउट व्हान आर्ट सकाळीच पुढच्या टोळीत जाऊन बसला होता. घाट उतरल्यावर खोऱ्यात तो येट्ससाठी थांबला आणि सेस्त्रिएरेच्या पायथ्याकडे त्याला आपल्या मागे घेऊन ओढत नेलं. व्हान आर्ट स्वतः मोठा विजेता, म्हणून त्याच्या त्या कामाचं जगभर कौतुक झालं. किरियेंकासारखी माणसं असली पाळी आठवड्यातून चार-पाचदा भरत, आणि ती बातमी होत नसे.

सपाट मुलखातला मुलगा

वासिल किरियेंकाचा जन्म २८ जून १९८१चा, रेचित्सा गावचा. गोमेलच्या पश्चिमेला, द्नीपर नदीच्या काठी. तेव्हा तो मुलूख सोव्हिएत संघात होता. १९६४ साली बेलारुसमधलं पहिलं तेल याच रेचित्साच्या परिसरात सापडलं. १९८६ साली चेर्नोबिलची राख वाऱ्यावरून आली तेव्हा बेलारुसमध्ये सगळ्यात जास्त झळ गोमेल प्रांताला बसली, आणि वासिल त्या वेळी पाचही वर्षांचा नव्हता. देश इतका सपाट की सगळ्यात उंच टेकडी भरते ३४५ मीटर. फिनेस्त्रेच्या पायथ्याचं सूझा गावसुद्धा तिच्याहून उंचावर आहे. अशा मुलखातून डोंगरात टप्पे जिंकणारा सायकलपटू निघतो तेव्हा त्याच्या पायांचं मूळ डोंगराबाहेर शोधावं लागतं.

ते ट्रॅकवर सापडतं. सोव्हिएत क्रीडाशाळांनी सायकलच्या मुलांना रस्ता आणि ट्रॅक असं दोन्हीकडे घासलं, आणि संघराज्य मोडल्यावरही बेलारुसने ती रीत सोडली नाही. नाताल्या त्सिलिन्स्काया ही त्याच देशाची. ट्रॅकवर तिने एकाहून अधिक जागतिक सुवर्णपदकं आणि २००४च्या अथेन्स ऑलिंपिकचं कांस्य मिळवलं. २०१३ साली जागतिक ट्रॅक स्पर्धाच मिन्स्कच्या नव्या बंदिस्त वेलोड्रोमवर भरली.

किरियेंकाचा प्रकार होता पॉइंट्स रेस. ज्याने ती पाहिलेली नाही त्याच्यासाठी थोडं सविस्तर सांगतो, कारण पुढचा सगळा माणूस इथे घडला. ट्रॅक २५० मीटरांचा, लाकडी पट्ट्यांचा, वळणांवर भिंतीसारखा कललेला. सायकलला ब्रेक नाही. मागचं चाक पायडलला जखडलेलं, त्यामुळे पाय थांबवायची सोयच नाही. चाक फिरतंय तोवर पाय फिरणार. पुरुषांची शर्यत ४० किलोमीटरांची, म्हणजे १६० फेऱ्या. दर दहाव्या फेरीला घंटा होते आणि रेषेवर पहिल्या चौघांना ५, ३, २ आणि १ असे गुण मिळतात. अशा सोळा झुंजी. पण खरा डाव वेगळाच. जो जथ्यातून निसटून पूर्ण एक फेरी पुढे काढतो आणि मागून येऊन जथ्याला पुन्हा मिळतो, त्याला एकदम २० गुण. घंटेवर धावणाऱ्या चपळांना हे जमतंच असं नाही. त्यासाठी एकट्याने, कुणाच्या आडोशाशिवाय, सगळ्यांपेक्षा थोडा जास्त वेग पाच-सात मिनिटं धरून ठेवावा लागतो, तोही जथ्यातले चाळीस पाय मागे लागलेले असताना. आणि ते संपलं की पुन्हा घंटा.

मार्च २००८, मँचेस्टर. किरियेंका पॉइंट्स रेसचा विश्वविजेता झाला. दोनच महिन्यांनी त्याने जिरोत मोंते पोराच्या चढावर संपणारा प्रेसोलानाचा टप्पा जिंकला, तेव्हा तो तिंकॉव्ह संघाचा होता. लाकडी ट्रॅकवर विश्वविजेतेपद आणि त्याच वसंतात आल्प्सच्या कुशीतला विजय, हा जोड मला त्याच्या कारकिर्दीतला सगळ्यात बोलका वाटतो. २५० मीटरांच्या गोलात शिकलेली गोष्ट त्याने डोंगरावर जशीच्या तशी वापरली. झेप घ्यायची नाही, वेग धरायचा, आणि मागच्यांना दमायला वेळ द्यायचा.

२००८च्या बीजिंग खेळांनंतर ऑलिंपिकमधून पॉइंट्स रेस हा स्वतंत्र प्रकार काढून टाकला गेला. २००९ साली किरियेंका केस देपार्न्य या स्पॅनिश संघात गेला, जो पुढे मोव्हिस्टार झाला, आणि तिथून पुढे त्याचं आयुष्य रस्त्याचं झालं.

वेळेच्या बाहेर

७ जुलै २०१३. तूरचा नववा टप्पा, पिरेनीज पर्वतात, सेंट-जिरॉन्स ते बान्येर-द-बिगोर. पाच घाट. आदल्या दिवशी डोंगरावर फ्रूमने एकूण आघाडीची पिवळी जर्सी मिळवली होती आणि त्यासाठी संघाने अंगातलं सगळं ओतलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळपासूनच हल्ले सुरू झाले. हल्ला करणाऱ्यांत मोव्हिस्टार पुढे होता, किरियेंकाचा जुना संघ. स्कायची फळी पहिल्या घाटांवरच विस्कटली आणि फ्रूम दिवसभर एकटा राहून तगला. मागे, टीव्हीच्या चौकटीबाहेर, किरियेंका एकटाच घाटांमागून घाट चढत होता.

तूरमध्ये प्रत्येक टप्प्याला वेळेची मर्यादा असते. विजेत्याच्या वेळेत ठरावीक टक्के मिळवून ती काढतात आणि त्या बाहेर जो येतो तो शर्यतीतून बाद. आजारी होता का, काल कुणासाठी राबला होता का, हे कुणी विचारत नाही. किरियेंका त्या दिवशी वेळेच्या बाहेर आला. संध्याकाळी त्याचा नंबर काढून घेतला गेला. दोन आठवड्यांनी फ्रूम पॅरिसमध्ये विजेता म्हणून उभा राहिला, तेव्हा किरियेंकाच्या नावापुढे निकालात होतं ते एवढंच: नववा टप्पा, बाद.

मला हा दिवस त्याच्या विजयांइतकाच महत्त्वाचा वाटतो. नायक दमतो तेव्हा संघ त्याची वाट पाहतो. मदतनीस दमतो तेव्हा त्याला स्वतःच पोचावं लागतं. हा या धंद्याचा करार आहे आणि त्यावर सही करताना प्रत्येकाला तो ठाऊक असतो. बक्षिसाच्या रकमा संघात वाटून घ्यायची जुनी रीत आहे, त्यामुळे पैशांत वाटा मिळतो. नावात मिळत नाही.

सप्टेंबरमध्ये, वुएल्ता या स्पेनच्या शर्यतीच्या अठराव्या टप्प्यात, तो सकाळच्या टोळीतून निसटला आणि सान्तान्देरजवळच्या पेन्या काबार्गाचा तो आखूड पण उभा चढ एकटाच चढून पहिला आला. हा विजय त्या जुलैची भरपाई होता असं म्हणायचा मोह होतो, पण त्या चेहऱ्यावर तसं काही दिसलं नाही. काम होतं, झालं.

स्काय संघाबद्दल लिहिताना एक गोष्ट टाळणं अप्रामाणिक ठरेल. ब्रिटिश संसदेच्या समितीने मार्च २०१८च्या अहवालात ठपका ठेवला, की २०१२च्या तूरपूर्वी आपला सायकलपटू ब्रॅडली विगिन्सला दिलेल्या औषधांच्या बाबतीत या संघाने स्वतःच आखलेली नैतिक रेषा ओलांडली. संघाने आणि विगिन्सने तो आरोप नाकारला. किरियेंका २०१२ साली मोव्हिस्टारमध्ये होता. तरीही त्या काळातल्या कुठल्याही यशाकडे पाहताना वाचकाने ही नोंद सोबत ठेवावी, असं मला वाटतं.

रिचमंड

टाइम ट्रायल या प्रकारात आडोसा नसतो. एकेक सायकलपटू ठरावीक अंतराने सुटतो आणि एकटा, घड्याळाविरुद्ध जातो. दुसऱ्याच्या चाकामागे लपणं नियमातच बसत नाही. म्हणजे मदतनीस रोज जे करतो, वारा छातीवर घेऊन एका वेगाने ओढत राहणं, तेवढंच इथे मोजलं जातं, आणि या वेळी त्याच्या स्वतःच्या नावावर.

२०१२ साली नेदरलँड्समध्ये व्हाल्केनबुर्ग इथे त्याने जागतिक टाइम ट्रायलचं कांस्य घेतलं होतं. २०१५च्या मे महिन्यात जिरोत त्रेव्हीझो ते व्हाल्दोब्बियादेने ही ५९.४ किलोमीटरांची लांबलचक टाइम ट्रायल जिंकली, द्राक्षमळ्यांतून, ओल्या हवेत. जूनमध्ये बाकूच्या पहिल्या युरोपियन गेम्समध्ये सुवर्ण. तरीही २३ सप्टेंबरला अमेरिकेत व्हर्जिनियातल्या रिचमंडला जागतिक टाइम ट्रायल सुरू झाली तेव्हा सगळ्यांच्या तोंडी टोनी मार्टिन आणि टॉम दुमूलान ही नावं होती.

५३.५ किलोमीटर. किरियेंकाने ते १ तास २ मिनिटं २९ सेकंदांत संपवले. ताशी ५१ किलोमीटरहून जास्त, आणि पुढे कुणाची पाठ नाही. इटलीचा आद्रियानो मालोरी ९ सेकंदांनी मागे राहिला, फ्रान्सचा जेरोम कोपेल २६ सेकंदांनी. दुमूलान पाचवा, मार्टिन सातवा. चौतिसाव्या वर्षी किरियेंका विश्वविजेता झाला, पुरुषांच्या टाइम ट्रायलमध्ये बेलारुसचा पहिला. पुढचं वर्षभर टाइम ट्रायलमध्ये त्याच्या अंगावर विश्वविजेत्याची पांढरी, पाच रंगांच्या पट्ट्यांची जर्सी होती. बाकीचे दिवस तो संघाच्या साध्या जर्सीत फ्रूमच्या पुढे होता. हा तपशील मला फार मोलाचा वाटतो. विश्वविजेता झाल्यावरही त्याने काम बदललं नाही. २०१६च्या ऑक्टोबरमध्ये दोहाच्या वाळवंटात त्याने जागतिक रौप्य घेतलं. या वेळी मार्टिन पुढे.

शेवटचं सुवर्ण

२०१९च्या सुरुवातीला त्याच्या हृदयात दोष आढळला आणि काही महिने शर्यती बंद झाल्या. डॉक्टरांच्या परवानगीने तो परतला. त्या जूनमध्ये युरोपियन गेम्स मिन्स्कला होते. घरच्या रस्त्यावर, अडतिसावा वाढदिवस तीन दिवसांवर असताना, त्याने टाइम ट्रायलचं सुवर्ण पुन्हा घेतलं. जानेवारी २०२० मध्ये हृदयाच्या त्याच कारणाने त्याने निवृत्ती जाहीर केली.

त्याच्या मागून येणाऱ्यांची वाट अधिक अवघड झाली. युक्रेनवरच्या आक्रमणानंतर, मार्च २०२२ मध्ये, आंतरराष्ट्रीय सायकल महासंघाने रशिया आणि बेलारुसचे संघ आणि राष्ट्रीय रंग बंद केले. बेलारुसचे सायकलपटू त्यानंतर तटस्थ म्हणून उतरू लागले.

दुसऱ्यासाठी राबणारे आपल्याकडेही असतात. मुंबई-पुणे सायकल शर्यतीत बोरघाट सगळ्यांआधी चढणाऱ्याला आपण 'घाटाचा राजा' म्हणतो, दुसऱ्या दिवशी पेपरात त्याचा फोटो येतो, आणि यावा. पण खोपोलीच्या पायथ्यापर्यंत सगळ्यांपुढे राहून वारा कुणी अंगावर घेतला, हेही कुणीतरी लिहायला हवं. क्रीडापानांवर काम करणाऱ्या माझ्या मित्रांना एवढीच विनंती आहे: पुढच्या शर्यतीला बातमीदार पाठवाल तेव्हा त्याला अंतिम रेषेवर उभं करू नका, पनवेल-खोपोलीच्या पट्ट्यात मोटारसायकलवर बसवा. तिथे जो सगळ्यात जास्त वेळ पुढे दिसेल त्याचं नाव विचारून घ्या आणि विजेत्याच्या बातमीतच छापा.